नऊ महाळुंगे, सात कवठे आणि महावीराचार्य

गणिताच्या पेपरात शाब्दिक उदाहरण आले की अनेकांना घाम फुटतो. त्यात 'दोन्ही वस्तूंच्या किमती काढा' असे असेल तर विचारूच नका! पण अशी उदाहरणे केवळ परीक्षेसाठी जन्माला आलेली नाहीत. सुमारे साडेअकराशे वर्षांपूर्वी आपल्याच दख्खनमध्ये एका थोर गणितज्ञाने ती शिकवली. त्यांचे नाव महावीराचार्य.

नवव्या शतकात दख्खनवर राष्ट्रकूटांचे राज्य होते. वेरूळचे कैलास लेणे ज्या घराण्याच्या काळात कोरले गेले, तेच हे घराणे. त्यातील अमोघवर्ष नृपतुंग या विद्याप्रेमी राजाची राजधानी मान्यखेट येथे होती. मान्यखेट म्हणजे आजचे मळखेड. कागिणा नदीकाठचे हे गाव पूर्वी आपल्या हैदराबाद संस्थानात होते. आता ते कर्नाटकातील कलबुर्गी जिल्ह्यात आहे. महावीराचार्य जैन धर्मीय होते. आपल्या ग्रंथाच्या आरंभी त्यांनी अमोघवर्षाची स्तुती केली आहे. स्वतःचे आईवडील, गाव, जन्मसाल यांविषयी मात्र ते काहीच सांगत नाहीत. त्यांची खरी ओळख त्यांच्या ग्रंथातूनच होते.

'गणितसारसंग्रह' हा तो ग्रंथ. इ. स. ८५० च्या सुमारास लिहिलेल्या या ग्रंथात अकराशेहून अधिक संस्कृत श्लोक आहेत. त्यापूर्वी आर्यभट, ब्रह्मगुप्त यांनी गणित लिहिले ते प्रामुख्याने ज्योतिषाच्या ग्रंथांतील प्रकरणे म्हणून. महावीराचार्यांनी केवळ गणिताला वाहिलेला स्वतंत्र ग्रंथ रचला. स्वयंपाक, व्यापार, संगीत, वैद्यक, घरबांधणी अशा प्रत्येक कामात गणित लागते, असे त्यांनी प्रारंभीच बजावले आहे. म्हणजे गणित फक्त पंडितांचे नाही, ते सर्वांचे आहे!

याच ग्रंथाच्या मिश्रक प्रकरणात फळांचे एक गोड उदाहरण आहे. ९ महाळुंगे आणि ७ सुवासिक कवठे यांची एकत्र किंमत १०७. तर ७ महाळुंगे आणि ९ कवठे यांची किंमत १०१. मग एका महाळुंगाची आणि एका कवठाची किंमत किती?

महावीराचार्यांची रीत अशी : मोठ्या किमतीला मोठ्या संख्येने गुणा, १०७ × ९ = ९६३. लहान किमतीला लहान संख्येने गुणा, १०१ × ७ = ७०७. वजाबाकी २५६. आता दोन्ही संख्यांच्या वर्गांची वजाबाकी करा, ८१ − ४९ = ३२. २५६ ला ३२ ने भागले की ८ येतात. ही महाळुंगाची किंमत. ८ × ९ = ७२ झाले, १०७ मधून ७२ गेले, उरले ३५. ही ७ कवठांची किंमत, म्हणजे एक कवठ ५ चे.

सूत्र आठवले नाही तर? तरीही अडत नाही. दोन्ही खरेद्या एकत्र करा : १६ महाळुंगे, १६ कवठे, किंमत २०८. म्हणजे एका जोडीची किंमत १३. आता पहिल्या खरेदीतून दुसरी वजा करा. २ महाळुंगे २ कवठांपेक्षा ६ ने महाग, म्हणजे एक महाळुंग एका कवठापेक्षा ३ ने महाग. बेरीज १३ आणि फरक ३, तर किमती ८ आणि ५. उत्तर तेच! मात्र अशी झटपट बेरीज-वजाबाकी चालते ती दोन्ही खरेद्यांत संख्यांची अदलाबदल झालेली असते तेव्हाच. म्हणून पाठ केलेले सूत्र लावण्याआधी उदाहरण नीट वाचले पाहिजे.

ऋण संख्येला वर्गमूळ नसते, हेही महावीराचार्यांनी स्पष्ट सांगितले. नेहमीच्या संख्यांपुरते ते आजही खरे आहे. पण शून्याने भागले तर संख्या तशीच राहते, असे त्यांनी मानले, आणि ते चुकीचे होते. शून्याने भागाकार करता येत नाही, हे आज आपण शाळेतच शिकतो. एवढ्या मोठ्या गणितज्ञाचीही चूक होऊ शकते! तेव्हा वहीत एक उदाहरण चुकले म्हणून पालकांनी मुलांना 'तुला गणित जमणार नाही' असे कधीही म्हणू नये. चूक दाखवावी आणि पुन्हा सोडवायला बसवावे.

या ग्रंथाच्या आधारे पुढे पावुलूरी मल्लन यांनी तेलुगूत गणितग्रंथ रचला. १९१२ मध्ये मद्रासला प्रा. एम. रंगाचार्य यांनी मूळ ग्रंथ इंग्रजी भाषांतरासह छापला, तर १९६३ मध्ये सोलापूरहून त्याची हिंदी आवृत्ती निघाली. राष्ट्रकूटांचे राज्य गेले, पण महाळुंग-कवठांचे गणित टिकले.

जाता जाता एक उदाहरण तुमच्यासाठी. ५ वह्या आणि ३ पेने यांची किंमत १३० रुपये. ३ वह्या आणि ५ पेने यांची ११० रुपये. एका वहीची आणि एका पेनाची किंमत काढा. घरी आईबाबांनाही सोडवायला सांगा आणि कोणाचे उत्तर आधी येते ते पाहा!