राजवाडे : एकाकी संशोधक आणि धुळ्याचे मंडळ

विश्वनाथ काशिनाथ राजवाडे (१८६३-१९२६) यांच्या चरित्रात व्यक्ती आणि समूह यांतील ताण सतत जाणवतो. पत्नीच्या अकाली निधनानंतर त्यांनी पुनर्विवाह केला नाही. जुन्या दप्तरांच्या शोधात ते गावोगाव हिंडले. ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ या मालेचा पहिला खंड १८९८ मध्ये निघाला. पुढे खंड २२ झाले. कागद मात्र घराण्यांच्या माळ्यांवर होते. ते उघडून दाखविणारी माणसे नसती, तर हा एकांडा उद्योग आरंभीच खुंटला असता.

१९१० मध्ये पुण्यात भारत इतिहास संशोधक मंडळ त्यांच्याच पुढाकाराने स्थापन झाले. परंतु करारी स्वभावामुळे ते तेथे फार काळ रमले नाहीत. अखेरीस त्यांनी धुळे जवळ केले. तेथे शंकर श्रीकृष्ण देवांची सत्कार्योत्तेजक सभा रामदासी वाङ्मय जमवीत होती. पुन्हा संसार न थाटलेल्या या पुरुषाने विवाहसंस्थेचा इतिहास लिहावयास घ्यावा, हे चमत्कारिक खरे; पण कुटुंब अनादि नसून समूहजीवनातून क्रमाने घडले, ही त्यातील मांडणी त्यांच्या निर्भीड वृत्तीला साजेशीच होती.

३१ डिसेंबर १९२६ रोजी धुळ्यात त्यांचे निधन झाले. संस्थेत न रमलेल्या या संशोधकाच्या संग्रहासाठी धुळेकरांनी १९२७ मध्ये संस्थाच काढली : राजवाडे संशोधन मंडळ.