विश्लेषण : आंबेडकरांविरोधात निवडणूक लढवलेले बॉलर पालवणकर बाळू कोण होते?

१९३७ ची मुंबई प्रांतिक निवडणूक. भायखळा-परळ भागातल्या राखीव जागेवर डॉ. बाबासाहेब आंबेडकर १३,२४५ मतं घेऊन निवडून आले. काँग्रेसने त्यांच्याविरोधात दिलेल्या उमेदवाराला ११,२२५ मतं मिळाली. फरक अवघा २,०२० मतांचा. हा उमेदवार वकील नव्हता की मुरलेला पुढारीही नव्हता. बॉलिंगच्या जोरावर नोकरी आणि नाव मिळवलेला तो एक क्रिकेटपटू होता. नाव पालवणकर बाळू.

भारतीय क्रिकेटचा पहिला मोठा बॉलर म्हणून जाणकार त्यांचं नाव घेतात. पण आंबेडकरांविषयी आदर असलेला हा खेळाडू त्यांच्याच विरोधात कसा उभा राहिला, हे समजायला आधी त्यांची क्रिकेटमधली वाटचाल पाहावी लागते.

महिना चार रुपये, काम बॉलिंगचं

बाळू यांचा जन्म १८७६ मध्ये धारवाडला, चर्मकार कुटुंबात झाला. कुटुंब मूळचं कोकणातलं. वडील लष्करात नोकरीला होते, त्यामुळे बालपण पुण्यात गेलं. ब्रिटिश अधिकाऱ्यांनी टाकून दिलेल्या साहित्यावर बाळू आणि धाकटा भाऊ शिवराम क्रिकेट शिकले.

पहिली नोकरी पुण्यातल्या एका पारशी क्लबच्या मैदानावर. पीच झाडायचं, रोलर फिरवायचा, जमलं तर मेंबरांना थोडी बॉलिंग टाकायची. पगार तीन रुपये. १८९२ च्या सुमारास ते इंग्रजांच्या पूना क्लबमध्ये लागले. तिथे पगार चार रुपये झाला.

तिथले कॅप्टन ग्रेग हे मोठे बॅट्समन. बाळूंची डावखुरी फिरकी पाहून ते सरावाला इतरांच्या आधी येऊ लागले. प्रत्येक वेळी आऊट केल्यावर ते बाळूंना आठ आणे देत, असं सांगितलं जातं. हिशेब सोपा आहे. आठ वेळा आऊट केलं की महिन्याचा पगार सुटला!

बाळूंनी तिथे तासन् तास, वर्षानुवर्षं बॉलिंग टाकली. बॅटिंगची संधी मात्र जवळपास मिळालीच नाही. बॅटिंग साहेबांची, घाम गाळायचं काम नोकराचं. हा रिवाज फक्त भारतात नव्हता. इंग्लंडमध्येही पैसे घेऊन खेळणारे 'प्रोफेशनल' आणि हौशी 'जंटलमन' यांची ड्रेसिंग रूम वेगळी असे. इंग्लंडच्या टेस्ट टीमला नियमित प्रोफेशनल कॅप्टन मिळायला १९५२ साल उजाडलं. समुद्रपूर-हिंगणघाटकडच्या टेनिस बॉल टुर्नामेंटमध्ये बाहेरगावचा बॉलर पैसे देऊन आणला तर आज त्याला भाव असतो. तेव्हा पैसे घेणारा खेळाडू खालचा समजला जाई. बाळूंच्या बाबतीत त्यावर जातीची भर पडली.

बॉल एकच, कप वेगळा

पुण्यातल्या हिंदू क्लबला इंग्रजांना हरवायचं होतं. त्यासाठी बाळू हवे होते, पण टीममध्ये घ्यायचं की नाही यावर मेंबरांमध्ये वाद झाला. शेवटी जिंकण्याची इच्छा वरचढ ठरली आणि बाळूंना घेतलं गेलं.

मैदानात सगळे एकाच बॉलला हात लावत. चहाची वेळ झाली की बाळू पॅव्हेलियनच्या बाहेर. इतरांना चिनीमातीचे कप, त्यांना फेकून द्यायचा मातीचा कप. जेवण वेगळ्या जागी, वेगळ्या ताटात. तोंड धुवायचं असेल तर पाणी द्यायला दलित नोकरच लागे.

याच काळात टीम साताऱ्याला गोऱ्यांच्या जिमखान्याविरुद्ध खेळायला गेली. बाळूंची फिरकी चालू नये म्हणून पीचवर आठवडाभर रोलर फिरवल्याचं सांगतात. बाळूंनी सात विकेट काढल्या. पुढे न्यायमूर्ती रानडे यांनी त्यांचं जाहीर कौतुक केलं आणि सहकाऱ्यांना सुनावलंही. ज्याच्यासोबत खेळता, त्याच्यासोबत जेवायला काय हरकत आहे, असा त्यांचा मुद्दा होता. लोकमान्य टिळकांनीही बाळूंचा गौरव केला. त्या काळात ही लहान गोष्ट नव्हती.

मुंबईत काय बदललं?

१८९६ मध्ये प्लेगची साथ पसरली आणि बाळू मुंबईला आले. इथे परमानंददास जीवनदास हिंदू जिमखान्यातही त्यांच्या प्रवेशाला काही मेंबरांचा विरोध झाला. कॅप्टन कीर्तिकरांनी तो मोडून काढला. पोटापाण्याची सोय बी.बी. अँड सी.आय. रेल्वेच्या नोकरीने झाली. आजची पश्चिम रेल्वे तिचीच वारस. खेळाडूला रेल्वेत नोकरी ही पद्धत इतकी जुनी आहे.

तेव्हा ना रणजी ट्रॉफी होती, ना टेस्ट. मुंबईत सामने धर्मावर आधारित टीममध्ये होत. आधी युरोपियन आणि पारशी, मग हिंदू, १९१२ पासून मुस्लिमही. फेब्रुवारी १९०६ मध्ये हिंदूंनी युरोपियन टीमला १०९ रन्सनी हरवलं. हिंदूंचे २४२ आणि १६०, युरोपियनांचे १९१ आणि १०२. बाळू आणि शिवराम दोघेही त्या टीममध्ये होते. स्वदेशी चळवळीच्या दिवसांत या विजयाला खेळापलीकडचा अर्थ आला. वर्तमानपत्रांनी जातीचा मुद्दाही उचलला. पालवणकर भावांना घेतलं म्हणून जिंकलो, हे अनेकांनी मान्य केलं. मुंबईच्या जिमखान्यात ते आता इतरांसोबत जेवू लागले होते.

इंग्लंडमध्ये ११४ विकेट

१९११ मध्ये सर्व धर्मांच्या खेळाडूंची 'ऑल इंडिया' टीम इंग्लंडला गेली. कॅप्टन होते पतियाळाचे महाराजा भूपिंदर सिंग, वय १९. काही सामन्यांनंतर महाराज मेजवान्यांत आणि राजे पंचम जॉर्ज यांच्या राज्यारोहणाच्या धामधुमीत गुंतले. टीमने २३ पैकी १५ सामने गमावले आणि फक्त सहा जिंकले. लेस्टरशायर आणि सॉमरसेट या काउंटी टीम मात्र हरल्या.

या पडझडीत पस्तिशीतले बाळू दुखऱ्या खांद्याने बॉलिंग टाकत राहिले. त्यांनी ११४ विकेट घेतल्या आणि सरासरी १८.८४ ची राखली. म्हणजे एका विकेटमागे १९ रन्सही दिले नाहीत. परदेशी हवेत, अनोळखी पीचवर आणि कमकुवत टीमकडून खेळताना केलेली ही कामगिरी आजच्या मापानेही मोठी आहे.

परतल्यावर मुंबईत दलित समाजाने त्यांचा सत्कार केला. कॉलेजात शिकणाऱ्या तरुण भीमराव आंबेडकरांना बाळूंचा अभिमान वाटत असे. आपल्या समाजातला माणूस उघड मैदानात, सर्वांसमोर श्रेष्ठ ठरतो, याचं ते जिवंत उदाहरण होतं.

कॅप्टन का केलं नाही?

टीममध्ये सर्वांत अनुभवी आणि सर्वाधिक यशस्वी असूनही हिंदू टीमचं कॅप्टनपद बाळूंना मिळालं नाही. कॅप्टन असलेले एम. डी. पै यांनी १९१३ च्या एका समारंभात हा मान खरं तर बाळूंचा होता, असं जाहीरपणे म्हटलं. तरी निवड समिती हलली नाही. १९१६ मध्ये नागपूरचे सी. के. नायडू या टीममधून पदार्पण करत होते, तेव्हाही बाळू खेळत होतेच.

स्फोट १९२० मध्ये झाला. बाळूंना टीममधून वगळलं गेलं. पै आजारी पडल्यावर शिवराम आणि विठ्ठल या पालवणकर भावांना डावलून पुण्याच्या दि. ब. देवधरांना कॅप्टन केलं. देवधर उत्तम खेळाडू होते, पण पालवणकर बंधू त्यांना सीनियर होते. दोघांनी जाहीर निवेदन काढून माघार घेतली आणि हा जातीय अन्याय असल्याचं स्पष्ट सांगितलं. शंभर वर्षांपूर्वी खेळाडूंनी असं छापील कारण देऊन बाहेर पडणं हे धाडसाचं काम होतं.

प्रेक्षकांमधूनही ओरड झाली. फायनलसाठी पै परतले, भाऊ परत आले आणि बाळूंना व्हाइस कॅप्टन केलं. सामना सुरू असताना पै काही वेळ मैदानाबाहेर गेले, तेव्हा बाळूंनी टीमचं नेतृत्व केलं. त्यांच्या वाट्याला कॅप्टनपद आलं ते एवढंच. १९२३ मध्ये विठ्ठल रीतसर कॅप्टन झाले आणि टीम जिंकली. पण तेव्हा बाळू निवृत्त झालेले होते.

मग आंबेडकरांविरोधात का?

१९३२ मध्ये दलितांसाठी स्वतंत्र मतदारसंघ असावेत का, यावर देश दुभंगला होता. आंबेडकरांची ती मागणी होती. मद्रासचे एम. सी. राजा आणि नागपूरचे डॉ. बा. शि. मुंजे यांनी संयुक्त मतदारसंघ आणि राखीव जागा असा करार केला. बाळू या बाजूला होते. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये झालेल्या पुणे करारावर आंबेडकरांसोबत बाळूंचीही सही आहे.

पुढच्या वर्षी ते हिंदू महासभेतर्फे मुंबई महापालिकेची निवडणूक लढले आणि हरले. १९३७ मध्ये काँग्रेसने त्यांना थेट आंबेडकरांसमोर उतरवलं. गांधीजी तेव्हा वर्ध्याजवळच्या शेगावला, म्हणजे आताच्या सेवाग्रामला, राहत होते. आंबेडकरांना हरवू शकेल असं दलित समाजातलं सर्वमान्य नाव काँग्रेसला हवं होतं, आणि बाळूंइतकं मोठं नाव दुसरं नव्हतं.

काँग्रेसने त्यांचा वापर केला, ही टीका निराधार नाही. पण बाळूंना केवळ प्यादं ठरवणंही अन्यायाचं होईल. मातीच्या कपापासून एका पंगतीपर्यंतचं अंतर त्यांनी टीममध्ये राहून, चांगला खेळ दाखवून कापलं होतं. भावांनी १९२० मध्ये बंड केलं तेही परत आत येण्यासाठी. वेगळं होण्यापेक्षा आत राहून भांडावं, हे मत अनुभवातून आलेलं होतं. उलट त्याच अनुभवाचा दुसरा अर्थही निघतो. इतकी वर्षं इतक्या विकेट घेऊनही कॅप्टनपद मिळालं नव्हतं, आणि आंबेडकरांचा आक्षेप नेमका तोच होता. मतदारांनी २,०२० मतांनी आंबेडकरांच्या बाजूने कौल दिला.

बाळूंच्या नावावर ३३ फर्स्ट क्लास सामन्यांत १७९ विकेट आहेत, सरासरी १५.२१. भारताची पहिली टेस्ट जून १९३२ मध्ये लॉर्ड्सवर झाली, तेव्हा त्यांचं वय ५६ होतं. ४ जुलै १९५५ रोजी मुंबईत त्यांचं निधन झालं. पंधरा महिन्यांनी, १४ ऑक्टोबर १९५६ ला, आंबेडकरांनी नागपुरात बौद्ध धम्माची दीक्षा घेतली.