विश्लेषण : खुर्च्यांसाठी गाजलेल्या चार्ल्स ईम्स यांनी तांब्यातून काय शिकवले?

‘अटल टिंकरिंग लॅब’मुळे ‘डिझाइन थिंकिंग’ हा शब्द शाळांत पोहोचला. पण अनेक ठिकाणी भिंतीवरचा पाच टप्प्यांचा तक्ता आणि वर्षअखेरचे प्रदर्शन यापलीकडे तो जात नाही. समस्या सोडवायला मुलांना शिकवायचे म्हणजे नेमके काय करायचे, हे समजून घ्यायचे तर अमेरिकी डिझायनर चार्ल्स ईम्स यांच्या आयुष्याकडे पाहावे लागते. भारतातील डिझाइन शिक्षणाची सुरुवातही त्यांच्याशी जोडलेली आहे.

कोण होते चार्ल्स ईम्स?

त्यांचा जन्म १७ जून १९०७ रोजी मिसुरी राज्यातील सेंट लुइस येथे झाला. लहान वयातच वडिलांचे छत्र हरपले. शाळेत असतानाच त्यांनी पोलाद कारखान्यात काम केले. पुढे वास्तुकलेच्या अभ्यासक्रमाला प्रवेश घेतला, पण तो अर्धवट सुटला. १९३८ मध्ये ते मिशिगनमधील क्रॅनब्रुक कला अकादमीत दाखल झाले आणि नंतर तिथेच शिकवू लागले. तिथे त्यांची चित्रकार रे कायझर यांच्याशी ओळख झाली. १९४१ मध्ये दोघांनी विवाह केला आणि कॅलिफोर्निया गाठले. त्यानंतरची बहुतेक कामे दोघांची मिळून आहेत. श्रेय मात्र बराच काळ एकट्या चार्ल्स यांनाच मिळत राहिले.

जिंकलेली खुर्ची फसली कशी?

न्यूयॉर्कच्या आधुनिक कला संग्रहालयाने १९४० मध्ये फर्निचरची स्पर्धा जाहीर केली. ईम्स आणि त्यांचे मित्र एरो सारिनेन यांच्या खुर्चीला त्यात बक्षीस मिळाले. पाठ आणि बैठक एकाच प्लायवूडमधून वळवायची, ही त्यामागची कल्पना होती. प्रत्यक्षात लाकूड एकाच वेळी दोन दिशांना वळवले की तडे जात. ते झाकायला गादी लावावी लागली, खर्च वाढला आणि कारखान्यात मोठ्या संख्येने खुर्च्या बनवणे जमेना.

लॉस एंजेलिसमधील भाड्याच्या घरात ईम्स दाम्पत्याने प्लायवूड वळवायचे यंत्र स्वतःच तयार केले. त्याच सुमारास दुसरे महायुद्ध सुरू होते. जखमी सैनिकाच्या पायाला बांधायच्या धातूच्या आधारपट्ट्या वाहतुकीत थरथरत आणि दुखापत आणखी वाढे. चार्ल्स यांनी स्वतःच्या पायाचा साचा घेऊन प्लायवूडची पट्टी बनवली. ज्या जागी लाकडावर ताण येई, तिथे खाचा ठेवल्या. त्याच खाचांतून बँडेज ओवता येऊ लागले. अमेरिकी नौदलासाठी अशा सुमारे दीड लाख पट्ट्या तयार झाल्या. या कामातून हाती आलेले तंत्र १९४६ मध्ये बाजारात आलेल्या प्लायवूडच्या खुर्च्यांना उपयोगी पडले.

वर्गात त्यांनी काय बदलले?

जॉर्जिया विद्यापीठाने कलाशिक्षणात सुधारणा सुचवण्याचे काम ईम्स आणि डिझायनर जॉर्ज नेल्सन यांच्याकडे सोपवले होते. त्यांनी १९५३ मध्ये एक नमुना तासच घेतला. विषय होता संवाद म्हणजे काय. एकाच तासात स्लाइड, चित्रपट, संगीत, निवेदन असे सारे आणले; विषयाला साजेसे वासही वर्गात सोडले. चित्रकला, विज्ञान, भाषा असे वेगळे कप्पे न करता एकाच प्रश्नाकडे सगळ्या बाजूंनी पाहायचे, हा त्यामागचा विचार होता.

भारताशी संबंध कसा आला?

यंत्रावर बनलेल्या वस्तू वाढत असताना त्यांचा दर्जा घसरू नये, लघुउद्योगांना आधार मिळावा, यासाठी डिझाइनचे शिक्षण कसे असावे, असा प्रश्न भारत सरकारपुढे होता. फोर्ड फाउंडेशनच्या साहाय्याने ईम्स दाम्पत्य भारतात आले, फिरले आणि एप्रिल १९५८ मध्ये ‘इंडिया रिपोर्ट’ सादर झाला. त्याची सुरुवात भगवद्गीतेतील निष्काम कर्माच्या विचाराने होते.

या अहवालाचा सर्वात गाजलेला भाग आहे साध्या तांब्याविषयीचा. नवा तांब्या घडवायचा तर आधी काय काय विचारावे लागेल, याची यादीच ईम्स यांनी दिली. किती पाणी मावावे? तो डोक्यावर, कमरेवर की हातात नेणार? भरलेला आणि रिकामा असताना तोल कसा राहील? ओतताना धार कशी पडेल? आत हात घालून घासता येईल का? किंमत किती, धातू मोडीत घातला तर काय मिळेल? त्यांच्या मते तांब्या कुणा एका माणसाने घडवलेला नाही. पिढ्यान् पिढ्या असंख्य हातांनी तो थोडा थोडा सुधारला आहे.

या अहवालानंतर १९६१ मध्ये अहमदाबादला राष्ट्रीय डिझाइन संस्था (एनआयडी) स्थापन झाली. महाराष्ट्रात १९६९ मध्ये पवईच्या आयआयटीत औद्योगिक डिझाइन केंद्र सुरू झाले.

आजच्या शाळांनी यातून काय घ्यावे?

ईम्स यांच्याकडे पाच टप्प्यांचा तक्ता नव्हता. पण तांब्याची यादी कोणत्याही वर्गात वापरता येते आणि तिला थ्रीडी प्रिंटर लागत नाही. दप्तर, डबा, पाण्याच्या नळाभोवतीची गर्दी, असा रोजचा एक विषय द्यावा. पहिल्या तासाला चित्र काढायचे नाही की उपायही सुचवायचा नाही. वापरणाऱ्यांना पाहायचे, त्यांच्याशी बोलायचे आणि फक्त प्रश्न लिहायचे. मग पुठ्ठ्याचा नमुना करून तो त्यांच्याच हाती द्यायचा. अडले की पुन्हा करायचा.

खरी अडचण गुणदानाची आहे. गुण फक्त प्रदर्शनातल्या देखण्या मॉडेलला मिळणार असतील, तर मुले खात्रीचाच प्रकल्प निवडतील किंवा पालकांकडून करून घेतील. पहिला नमुना का फसला आणि दुसऱ्यात काय बदलले, या नोंदवहीलाही गुण द्यायला हवेत. तडे गेलेल्या प्लायवूडपाशीच ईम्स यांना नापास केले असते, तर पुढची पट्टीही झाली नसती आणि खुर्चीही.

चार्ल्स ईम्स यांचे २१ ऑगस्ट १९७८ रोजी निधन झाले. बरोबर दहा वर्षांनी, त्याच तारखेला रे यांनीही जगाचा निरोप घेतला.