पंडिता रमाबाई आणि पवित्र शास्त्रातील सात ग्रंथ

आमच्या नांदेड व लातूर जिल्ह्यांत कॅथलिक आणि प्रॉटेस्टंट कुटुंबे शेजारी शेजारी नांदतात, आणि त्यांच्या सोयरिकीही जुळतात. नाताळचा फराळ एका घरून दुसऱ्या घरी जातो. दुःखाच्या प्रसंगी सर्व जण एकाच मांडवाखाली बसतात. परंतु मयताच्या मिस्सेत मक्काबींच्या दुसऱ्या ग्रंथातील पाठ वाचला गेला, की प्रॉटेस्टंट पाहुणे आपल्या हातातील बायबल चाळू लागतात, आणि तो ग्रंथ त्यांस कोठेच सापडत नाही. मग कोणी म्हणतो, की कॅथलिकांनी पदरचे ग्रंथ शास्त्रात घुसडले. कोणी म्हणतो, की प्रॉटेस्टंटांनी शास्त्राची पाने फाडून टाकली. आमच्या मते ही दोन्ही बोलणी अज्ञानाची आहेत, आणि शोकाकुल घरात तर ती फारच बोचतात. यास्तव या स्मरणिकेत आम्ही एका थोर विदुषीचे चरित्र सांगण्याचे योजिले आहे. पंडिता रमाबाई कॅथलिक नव्हत्या. तथापि मूळ भाषांचा अभ्यास करून त्यांनी अखंड बायबल मराठीत आणले, आणि या वादाचे मूळ कोठे आहे ते त्यांच्या आयुष्यक्रमावरून जितके स्पष्ट दिसते, तितके दुसऱ्या कोणाच्या चरित्रावरून क्वचितच दिसेल.

रमाबाईंचा जन्म २३ एप्रिल १८५८ रोजी सह्याद्रीतील गंगामूळ येथील अरण्यात झाला. त्यांचे वडील अनंतशास्त्री डोंगरे हे संस्कृताचे गाढे पंडित होते. स्त्रियांस देववाणी शिकवू नये अशी त्या काळची रूढी असता शास्त्रीबुवांनी आपल्या पत्नीस, लक्ष्मीबाईंस, संस्कृत शिकविले. आणि त्या मातेने पहाटेच्या वेळी आपल्या धाकट्या मुलीकडून श्लोक पाठ करून घेतले. पुढे हे कुटुंब तीर्थे व पुराणे करीत गावोगाव पायी हिंडले. १८७४ च्या सुमारास अन्नान्न दशेत आई, बाप आणि थोरली बहीण एकामागून एक निवर्तली. उरली ती दोन भावंडे, रमाबाई व श्रीनिवास. ती चालत चालत १८७८ मध्ये कलकत्त्यास पोहोचली. तेथील विद्वानांनी या तरुणीची परीक्षा घेऊन तिला पंडिता आणि सरस्वती या पदव्या दिल्या.

१८८० मध्ये भाऊही गेला. त्याच वर्षी रमाबाईंनी बिपिनबिहारी मेधावी या बंगाली वकिलाशी विवाह केला. तो जातिबाह्य विवाह असल्यामुळे पुष्कळ गवगवा झाला. १८८१ मध्ये मनोरमा ही कन्या झाली, आणि १८८२ च्या आरंभी पतीचे निधन झाले. २३ वर्षांची ती विधवा कडेवर मूल घेऊन पुण्यास आली, आणि तेथे तिने स्त्रियांच्या उन्नतीकरिता आर्य महिला समाज स्थापिला.

१८८३ मध्ये वैद्यकी शिकण्याच्या हेतूने बाई इंग्लंडास गेल्या. कानांनी कमी ऐकू येत असल्यामुळे तो बेत तडीस गेला नाही. वाँटेज येथे अँग्लिकन भगिनींच्या मठात त्यांचा मुक्काम होता. त्या भगिनी पतित व निराधार स्त्रियांची जी सेवा करीत, ती पाहून त्यांचे मन द्रवले, आणि २९ सप्टेंबर १८८३ रोजी मायलेकींनी स्नानसंस्कार घेतला. परंतु श्रद्धा स्वीकारली म्हणून बाईंनी विचार करणे सोडले नाही. एखादी शिकवण केवळ धर्माधिकाऱ्यांनी सांगितली एवढ्यावरून त्या मान्य करीत नसत. ती शास्त्रात कोठे आहे ते दाखवावे, असा त्यांचा आग्रह असे. यावरून त्यांचा आपल्या गुरुभगिनींशी दीर्घ पत्रव्यवहार झाला, व प्रसंगी तो कडूही झाला. पुरोहितांच्या शब्दाखाली दबलेले स्त्रीजीवन ज्यांनी जन्मापासून पाहिले, त्यांस नव्या धर्मातही कोणाच्या शब्दाखाली दबून राहणे रुचले नाही, यात आम्हांस नवल वाटत नाही. ग्रंथ हाच प्रमाण, अशी त्यांच्या श्रद्धेची घडण येथे झाली. ही गोष्ट वाचकांनी ध्यानात ठेवावी.

पुढे अमेरिकेत जाऊन त्यांनी हिंदी विधवांची स्थिती तेथील लोकांपुढे मांडली व साहाय्य मिळविले. ११ मार्च १८८९ रोजी मुंबईस शारदा सदन उघडले, आणि पुढील वर्षी ते पुण्यास आले. तेथील मुली ख्रिस्ती धर्माकडे ओढल्या जातात अशी ओरड होऊन १८९३ मध्ये पुण्यातील अनेक प्रतिष्ठितांनी सदनाशी असलेला संबंध तोडला. बाई डगमगल्या नाहीत. १८९६-९७ च्या दुष्काळात त्या स्वतः मध्यप्रांतात गेल्या व तेथील उपासमारीने खंगलेल्या शेकडो मुली घेऊन आल्या. पुणे जिल्ह्यातील केडगाव येथे मुक्ति सदन उभे राहिले. १८९९-१९०० च्या भयंकर दुष्काळात, ज्याची झळ आमच्या मराठवाड्यासही लागली होती, आणखी कित्येक मुलींस तेथे आश्रय मिळाला.

या मुलींस शास्त्र वाचावयास द्यावे तर अडचण अशी, की त्या वेळचे मराठी बायबल संस्कृतप्रचुर होते. स्वतः संस्कृत पंडिता असूनही बाईंनी ठरविले, की खेड्यातील अल्पशिक्षित स्त्रीस समजेल अशा साध्या मराठीत शास्त्र आणावयाचे, आणि तेही इंग्रजीवरून न आणता मूळ हिब्रू व ग्रीक भाषांतून. याकरिता त्यांनी उतारवयात त्या भाषांचा अभ्यास केला. हे काम १९०५ च्या सुमारास सुरू होऊन त्यांच्या अंतापर्यंत चालले. खिळे जुळविण्यापासून पुस्तके बांधण्यापर्यंतचे काम मुक्ति सदनातील स्त्रियांनीच आपल्या छापखान्यात केले. काल ज्या मुलीस अक्षरओळख नव्हती, ती आज देवाचे वचन छापीत होती!

आता प्रस्तुत प्रश्नाकडे वळू. बाईंच्या बायबलात जुन्या कराराचे ३९ व नव्या कराराचे २७ असे ६६ ग्रंथ आहेत. आमच्या कॅथलिक शास्त्रात नव्या कराराचे तेच २७ आहेत, त्यांत अक्षराचाही वाद नाही. परंतु जुन्या कराराचे ४६ असल्यामुळे एकूण संख्या ७३ होते. अधिक असलेले सात ग्रंथ म्हणजे तोबीत, यहूदीत, ज्ञानग्रंथ, बेन सीरा, बारूख आणि मक्काबींचे दोन ग्रंथ. याखेरीज एस्तेर व दानिएल यांतील काही भागही आमच्याकडे अधिक आहेत.

हा भेद उत्पन्न झाला तो असा. प्रभू येशूच्या जन्मापूर्वी सुमारे अडीचशे वर्षे मिसर देशातील अलेक्झांड्रिया नगरीत यहुदी शास्त्राचे ग्रीक भाषांतर सुरू झाले. या ग्रीक संग्रहात कालांतराने हे ग्रंथही आले. आद्य ख्रिस्तमंडळी बहुतांशी ग्रीक बोलणारी होती. तिच्या हाती हाच संग्रह होता, आणि नव्या करारातील जुन्या शास्त्राचे उल्लेखही बहुधा याच भाषांतराशी जुळतात. इकडे यहुदी आचार्यांनी पुढे हिब्रू संहितेतील ग्रंथांचीच यादी कायम केली, व तीत हे सात ग्रंथ राहिले नाहीत. याप्रमाणे एकाच मुळापासून दोन याद्या झाल्या.

चौथ्या शतकाच्या अखेरीस संत जेरोम यांनी बेथलेहेम येथे राहून हिब्रूवरून लॅटिन भाषांतर केले. रमाबाईंप्रमाणे त्यांचाही ओढा मुळाकडे होता. जे ग्रंथ हिब्रू यादीत नाहीत त्यांच्या प्रामाण्याविषयी त्यांनी शंका प्रकट केली. तरी तोबीत व यहूदीत यांचे भाषांतर त्यांनी करून दिले. संत ऑगस्टिन यांनी मात्र ख्रिस्तसभेच्या उपासनेत जे ग्रंथ परंपरेने वाचले जातात ते सर्व स्वीकारावे असे मत धरले. ३९३ मध्ये हिप्पो येथे व ३९७ मध्ये कार्थेज येथे भरलेल्या महागुरूंच्या सभांनी या ग्रंथांसह यादी मान्य केली. जेरोम यांची शंका विद्वानांत अधूनमधून डोके वर काढीत राहिली, परंतु उपासनेत हे ग्रंथ हजारांहून अधिक वर्षे वाचले जात होते.

१५१९ मध्ये लायप्झिग येथील वादविवादात मृतांकरिता प्रार्थना व शुद्धिस्थान यांच्या पुष्ट्यर्थ मक्काबींच्या दुसऱ्या ग्रंथाचा आधार पुढे आला, तेव्हा मार्टिन लूथर यांनी त्या ग्रंथाचे प्रामाण्यच नाकारले. त्या ग्रंथात यहूदा मक्काबी हा रणात पडलेल्या आपल्या सैनिकांच्या पापांकरिता रुपे गोळा करून यरुशलेमेस बलिदानार्थ पाठवितो. असा हा वाद आरंभापासून आमच्या मयताच्या प्रार्थनेशी जडलेला आहे. तथापि लूथर यांनीही हे ग्रंथ फेकून दिले नाहीत. १५३४ च्या आपल्या जर्मन बायबलात, वाचनास उपयुक्त परंतु शास्त्राच्या बरोबरीचे नव्हेत म्हणून, ते वेगळ्या भागात छापले. ट्रेंटच्या धर्मपरिषदेने ८ एप्रिल १५४६ रोजी संपूर्ण यादी विधिपूर्वक जाहीर केली. याच दिवशी कॅथलिकांनी ग्रंथ वाढविले असे जे सांगितले जाते, ते कार्थेजच्या यादीपुढे टिकत नाही.

इंग्लंडातही हे ग्रंथ पुष्कळ काळ बायबलाबरोबर छापले जात. १६११ च्या सुप्रसिद्ध इंग्रजी भाषांतरात ते आहेत. बाई ज्या अँग्लिकन मंडळीत प्रथम आल्या, तिच्या प्रातःकालीन उपासनेत ग्रीक दानिएलातील तीन तरुणांच्या स्तोत्रास स्थान होते. मग मराठी बायबलातून हे ग्रंथ अजीबात नाहीसे का झाले? याचे कारण लंडनात आहे. १८०४ मध्ये तेथे स्थापन झालेल्या बायबल सोसायटीत या ग्रंथांवरून मोठा कलह माजला, आणि १८२६ मध्ये तिने ठराव केला, की हे ग्रंथ असलेल्या प्रतींस सोसायटीचा पैसा मिळणार नाही. विल्यम केरी यांचा मराठी नवा करार १८११ मध्येच निघाला होता. परंतु त्यानंतरची मराठी बायबले या सोसायटीच्या आश्रयाने घरोघर गेली. यामुळे मराठी प्रॉटेस्टंट माणसाने ते ग्रंथ कधी पाहिलेच नाहीत. जे पुस्तक आजोबांच्या हातीही नव्हते, ते परके वाटले तर त्यात नातवाचा काय दोष?

आमच्या बाजूची उणीवही आम्ही सांगितली पाहिजे. फादर थॉमस स्टीफन्स यांनी १६१६ मध्येच ख्रिस्तपुराण छापून मराठी ओवीत तारणाची कथा गाईली. परंतु संपूर्ण शास्त्र मराठीत आणून सामान्य माणसाच्या हाती देण्यात प्रॉटेस्टंट बंधू आमच्या पुष्कळ पुढे होते. हे ऋण नाकारणे कृतघ्नपणाचे होईल.

आता बाईंच्या निवडीचा विचार करू. त्यांनी जुना करार हिब्रूतून घेतला, आणि हिब्रू संहितेत हे ग्रंथ नसल्यामुळे त्यांच्या बायबलातही ते आले नाहीत. त्यांनी फाडून टाकले असे काहीच नाही. परंतु केवळ भाषेवरून हा प्रश्न सुटत नाही. बाईंच्या हयातीतच, १८९६ मध्ये, कैरोहून आलेल्या जुन्या पानांत बेन सीराचा हिब्रू पाठ ओळखला गेला. पुढे मृत समुद्राजवळील गुहांत तोबीताचे अरामी व हिब्रू अंशही मिळाले. उलटपक्षी ज्ञानग्रंथ व मक्काबींचा दुसरा ग्रंथ हे मुळातच ग्रीकमध्ये लिहिलेले आहेत, हे कॅथलिक पंडितही मानतात. तेव्हा कोणत्या भाषेत लिहिले हा कसोटीचा प्रश्न नव्हे. ख्रिस्ताच्या मंडळीने कोणते ग्रंथ देवप्रेरित म्हणून ओळखले, हा खरा प्रश्न होय.

येथे बाईंच्या आग्रहाची मर्यादा आम्हांस नम्रपणे दाखवावीशी वाटते. प्रत्येक गोष्ट शास्त्रात दाखवा, असे त्या म्हणत. परंतु शास्त्रात कोणते ग्रंथ येतात त्याची यादी शास्त्राच्या कोणत्याच पानावर नाही. ती यादी कोणाच्या तरी हातूनच घ्यावी लागते. प्रॉटेस्टंट बंधू जुन्या कराराची यादी यहुदी आचार्यांच्या हातून घेतात, आणि नव्या कराराची, आमच्याप्रमाणेच, प्राचीन ख्रिस्तसभेच्या हातून. आम्ही दोन्ही याद्या त्या एकाच मातेच्या हातून घेतो. कॅथलिक माणसाची भूमिका एवढीच आहे. तीत उद्धटपणास जागा नाही, आणि लाजण्याचेही कारण नाही.

२४ जुलै १९२१ रोजी मनोरमाबाई निवर्तल्या. वृद्ध मातेने तो घाव सोसून भाषांतराचे अखेरचे काम पुरे केले, आणि ५ एप्रिल १९२२ रोजी देह ठेवला. १९२४ मध्ये संपूर्ण बायबल मुक्ति सदनातून प्रसिद्ध झाले.

१९६८ पासून व्हॅटिकन व बायबल सोसायट्या यांनी एकत्र भाषांतर करण्याचे नियम ठरविले आहेत, आणि त्या रीतीच्या आवृत्त्यांत हे ग्रंथ स्वतंत्र भागात छापण्याची सोय आहे. मोठ्यांनी जे सामोपचाराने केले, ते आपल्या ओसरीवर आपल्यास का करता येऊ नये? पुढे कधी एखादा सोयरा मक्काबींचे पान शोधताना दिसला, तर त्याच्याशी वाद घालू नये. आपले बायबल उघडून त्याच्या हाती द्यावे व ती यहूदाची कथा त्यास वाचू द्यावी. आणि आपणही, ज्या सात ग्रंथांकरिता भांडतो, ते वर्षातून एकदा तरी वाचतो काय, हे आपल्या मनास विचारावे. ज्या विदुषीने आपले उत्तरायुष्य शास्त्राच्या एकेका शब्दासाठी वेचले, तिच्या आत्म्यास प्रभू चिरशांती देवो, आणि तिच्यासारखी शास्त्राची भूक आमच्या धर्मग्रामातील प्रत्येक घरास देवो, अशी आमची प्रार्थना आहे.