मिरचीची पूड आणि कलम २५

कायद्याच्या प्रत्येक विद्यार्थ्याला सर जेम्स फिट्झजेम्स स्टीफन हे नाव ठाऊक असते. इतरांसाठी सांगायचे तर, लेखिका व्हर्जिनिया वुल्फ यांचे हे सख्खे काका. मला या गृहस्थांचे कुतूहल वाटत आले ते एका विसंगतीमुळे. माणूस हाडाचा साम्राज्यवादी, पण साम्राज्याच्या पोलिसांवर त्याने कायद्यातच अविश्वास नोंदवून ठेवला.

जन्म १८२९ चा, लंडनचा. ईटनच्या शाळेत दांडग्या मुलांनी छळले. पुढे स्वारी स्वतःच धिप्पाड निघाली. वकिली आणि वृत्तपत्रांतले लेखन चालू असताना १८६९ मध्ये व्हाइसरॉयच्या मंडळावर विधी सदस्य म्हणून नेमणूक झाली. इथे ते जेमतेम अडीच वर्षे होते. तेवढ्यात त्यांनी १८७२ चा पुराव्याचा कायदा सिद्ध केला. कलमे १६७.

त्यातले कलम २५ एका वाक्याचे. आरोपीने पोलीस अधिकाऱ्यापुढे दिलेला कबुलीजबाब त्याच्याविरुद्ध चालणार नाही. कोठडीत असताना दुसऱ्या कुणापुढे दिलेलाही, मॅजिस्ट्रेट समक्ष हजर असल्याखेरीज, चालणार नाही, असे कलम २६ सांगते. ही तरतूद मुळात १८६१ च्या फौजदारी संहितेतली. मद्रास इलाख्यातल्या छळाचा सरकारी चौकशी अहवाल त्याआधी, १८५५ मध्येच आला होता. स्टीफन यांनी ती उचलून पुराव्याच्या कायद्यात पक्की बसवली. मारझोड का होते, हे एका अनुभवी अधिकाऱ्याकडून त्यांनी ऐकले होते व १८८३ च्या आपल्या ग्रंथात नोंदवले. मुळात तो आळस. पुराव्यासाठी उन्हात पायपीट करावी लागते. गरिबाच्या डोळ्यांत मिरचीची पूड घालण्याचे काम सावलीत उरकते.

कोर्टात मला सर्वाधिक भेटले ते मात्र कलम २७. आरोपीच्या सांगण्यावरून वस्तू सापडली, तर त्या शोधापुरते त्याचे बोलणे ग्राह्य. म्हणून आपल्याकडे खुनाच्या खटल्यात पंचांसमक्ष कोयता काढून दिल्याचा पंचनामा हमखास असतो. आरोपी तो काढून द्यायला कसा राजी झाला, हे त्या कागदावर नसते.

आता दुसरी बाजू. याच मंडळात, याच विधी सदस्याच्या कारकिर्दीत, १८७१ चा गुन्हेगार जमाती कायदा झाला. जमातीच्या जमाती जन्मानेच गुन्हेगार ठरल्या. पुढे मुंबई इलाख्यातही असा कायदा लागू झाला. तो रद्द होईपर्यंत पारध्यांसारख्यांना हजेरी चुकली नाही. पोलिसी कबुलीवर भरवसा न ठेवणाऱ्या कायदेपंडिताला यात वावगे वाटले नाही, हे मला आजही पचत नाही.

मायदेशी ते १८७९ मध्ये न्यायाधीश झाले. १८८९ च्या मेब्रिक विषप्रयोग खटल्यातील त्यांच्या समारोपावर कडाडून टीका झाली. प्रकृती ढासळत होतीच. १८९१ मध्ये निवृत्ती, १८९४ मध्ये मृत्यू.

पुराव्याचा तो कायदा १ जुलै २०२४ ला गेला. त्याजागी आलेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमात कलम २३ मध्ये ही तिन्ही कलमे एकत्र आली आहेत. महाराष्ट्राच्या १९९९ च्या मकोका कायद्यात मात्र पोलीस अधीक्षक किंवा वरच्या दर्जाच्या अधिकाऱ्यापुढील कबुलीजबाब, काही अटी पाळून, पुरावा ठरतो. स्टीफन यांच्या कलमात नुसते पोलीस अधिकारी एवढेच होते. हुद्दा लिहिलेला नव्हता.