स्टॅन लॉरेल

ज्या जोडीला महाराष्ट्रांतील प्रेक्षक ‘जाड्या आणि रड्या’ म्हणून ओळखत आले, तिच्यांतील रड्या म्हणजे स्टॅन लॉरेल. याचें मूळ नांव आर्थर स्टॅन्ली जेफर्सन. इंग्लंडांतील अल्व्हरस्टन गांवीं १६ जून १८९० रोजीं त्याचा जन्म झाला. पिता नाटकगृहाचा व्यवस्थापक असल्यामुळें रंगभूमीची ओढ त्यास बालपणींच लागली. फ्रेड कार्नो याच्या मंडळींतून तो १९१० मध्यें चार्ली चॅप्लिनबरोबर अमेरिकेस गेला. चॅप्लिन आजारी पडल्यास त्याची भूमिका करतां यावी, म्हणून ती तयार ठेवणें हें त्याचें काम! पुढें चॅप्लिन जगद्विख्यात झाला. लॉरेल मात्र कित्येक वर्षें धडपडतच राहिला. हॅल रोच याच्या चित्रपटसंस्थेंत १९२७ सालीं स्थूलकाय ऑलिव्हर हार्डीशीं त्याची जोडी जमली आणि दैव उघडलें.

त्यांचे चित्रपट अल्प खर्चाचे, बहुधा वीसएक मिनिटांचे. हे दोघे कधीं सुतार, कधीं गवंडी, कधीं मासेविके; ज्या धंद्यास हात लावतील त्याचा विचका ठरलेला. १९३२ च्या ‘द म्युझिक बॉक्स’ मध्यें ते हमाल आहेत. लॉस एंजेलिसच्या एका टेकडीवरील घरीं पियानो पोंचवावयाचा आणि समोर पायऱ्यांची लांबच लांब रांग! पेटी चढते, निसटते, हार्डीला ओढीत खालीं येते. अखेर ते माथ्यावर पोंचतात, तों टपालवाला सांगतो कीं दुसऱ्या रस्त्यानें गाडी थेट दारापर्यंत आली असती. यावर हे शहाणे काय करितात? पियानो पुन्हा पायऱ्यांवरून खालीं नेतात आणि त्या रस्त्यानें वर आणितात. या लघुपटास ऑस्कर पारितोषिक मिळालें.

पडद्यावरील हा वेंधळा प्रत्यक्षांत अत्यंत दक्ष कारागीर होता. चित्रण आटोपलें कीं हार्डी गोल्फ खेळावयास जाई; लॉरेल संकलनाच्या खोलींत बसून राही. १९४० नंतर मोठ्या संस्थांनीं त्याचा हा अधिकार काढून घेतला, आणि तेव्हांचे त्यांचे चित्रपट आम्हांस तरी निस्तेज वाटतात.

७ ऑगस्ट १९५७ रोजीं हार्डी वारला. लॉरेल स्वतः आजारी असल्यानें वैद्यांनीं त्यास अंत्यविधीस जाऊं दिलें नाहीं. त्यानंतर त्यानें पुन्हा कधींहि अभिनय केला नाहीं. १९६१ चा विशेष ऑस्कर सन्मानहि त्याच्या वतीनें दुसऱ्यानेंच स्वीकारला. सांता मोनिका येथें तो लहानशा घरांत राही. त्याचा दूरध्वनीचा क्रमांक सार्वजनिक पुस्तकांत छापलेला असे. कोणीहि अनोळखी माणसानें बोलावें आणि म्हाताऱ्यानें आनंदानें उत्तर द्यावें. चाहत्यांच्या पत्रांनाहि तो स्वतः उत्तरें लिही. २३ फेब्रुवारी १९६५ रोजीं तेथेंच त्याचें देहावसान झालें.