रामशास्त्री आणि हजीऱ्याची नोंदवही

गेल्या उन्हाळ्यात मी हजीऱ्याच्या एका कारखान्यात प्रशिक्षणार्थी होतो. ठरावीक वेळी टाकीवर चढून दाबमापकाचे आकडे टिपायचे आणि नोंदवहीत सही करायची, एवढेच माझे काम. एके दुपारी उन्हाने जीव कासावीस झाला. वरिष्ठांनी सांगितले की वर चढू नकोस, मागच्या पाळीचेच आकडे उतरव. मी ते उतरवले आणि खाली सही ठोकली. संध्याकाळी तापीच्या मुखाकडे पाहत बसलो असता मला रामशास्त्री प्रभुणे आठवले.

या आठवणीला जागाही कारण होती. १७७५ च्या फेब्रुवारीत पराभूत रघुनाथराव पेशवे समुद्रमार्गे सुरतेस आले आणि ६ मार्चला इंग्रजांशी तह करून बसले. साष्टी आणि वसई देऊन त्यांनी फौजेची मदत मागितली. सुरतेची गलबते तापीच्या मुखातूनच आत शिरत, तेव्हा हा पळपुटा पेशवा माझ्या डोळ्यांसमोरूनच गेला असावा! त्याला पळावे का लागले, याच्या मुळाशी शास्त्रीबोवांचा एक निर्णयही आहे.

अंकाच्या कन्नड विभागातील माझ्या मित्रांना रामशास्त्री कदाचित नावानेच ठाऊक असतील. साताऱ्याजवळचे माहुली हे त्यांचे गाव. लहानपणी ते साताऱ्यात एका सावकाराकडे नोकर होते. मालकाच्या हातावर पाणी घालताना त्याच्या दागिन्यांकडे पाहत राहिले, म्हणून टोमणा खाल्ला आणि त्या अपमानाने काशीची वाट धरली, अशी कथा आहे. तेव्हा ते विशीच्या आसपास होते. ज्या वयात इतरांचे शिकून होते, त्या वयात यांनी आरंभ केला. (नापास होऊन खचणाऱ्या आमच्या मित्रांनी हे ध्यानात घ्यावे.) १७५१ मध्ये ते पेशव्यांच्या शास्त्रीमंडळात आले आणि १७५९ मध्ये मुख्य न्यायाधीश झाले.

थोरले माधवराव जपतपात फार वेळ घालवू लागले, तेव्हा भेटीस गेलेले शास्त्री आल्या पावली परतले आणि दुसऱ्या दिवशी काशीला जाण्याची रजा मागू लागले. धन्याने स्नानसंध्येतच रमायचे असेल तर राज्य सोडून दोघांनी गंगेकाठी बसावे, प्रजेचे ओझे घेतले असेल तर तेच आधी वाहावे, असा त्यांचा रोख होता. माधवरावांनी जप आवरला. ऐकणारा धनीही मोठा होता, हे विसरून चालणार नाही.

खरी कसोटी पुढे लागली. ३० ऑगस्ट १७७३ रोजी शनिवारवाड्यात नारायणरावाचा खून झाला. आनंदीबाईंनी कागदावरचे एक अक्षर बदलल्याची गोष्ट सर्वांना पाठ असते, पण मला ती फारशी पटत नाही. शास्त्रीबोवांनी मात्र गोष्टींवर न विसंबता चौकशी केली आणि दोष थेट रघुनाथरावांवर ठेवला. सत्ता त्यांच्याच हाती होती. तरी या पापाला देहान्तावाचून प्रायश्चित्त नाही, असे शास्त्रींनी त्यांना तोंडावर सांगितले, पद सोडले आणि वाईजवळच्या गावी जाऊन राहिले. बारभाईंनी कारभार हाती घेतल्यावर ते पुन्हा न्यायासनावर आले. १७८९ मध्ये त्यांचे निधन झाले. रघुनाथराव त्याआधीच, १७८३ मध्ये, कोपरगावी वारले होते. सुरतेचा तह कलकत्त्याच्या इंग्रजांनीच मोडीत काढला होता.

आज वकिलाला १९६१ चा कायदा आहे, सनदी लेखापालाला १९४९ चा. डॉक्टरच्या वर्तनाचे नियम छापील आहेत. कसूर केली तर सनद जाते, नाव नोंदणीतून कमी होते. अभियंत्याला आपल्या देशात असा सर्वव्यापी कायदा नाही. रामशास्त्र्यांपाशी धर्मशास्त्राच्या पोथ्या होत्या, पण राज्यकर्त्यालाच दोषी ठरवल्यावर न्यायाधीशाने कुठे जावे, हे त्यांत लिहिलेले नसावे.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी टाकीवर चढलो. आकड्यांत फारसा फरक नव्हता. तरी कालच्या ओळीवर रेघ मारली, बाजूला खरे काय घडले ते लिहिले आणि तारखेसह सही केली. वरिष्ठांनी वही पाहिली आणि काही न बोलता मिटली. उरलेले तीन आठवडे मी भांडारात नटबोल्ट मोजत होतो.